ब्लू नोट ऐकायचंय? सुरुवात इथून करा

जॅझमध्ये नव्याने शिरणाऱ्या प्रत्येकाला कुणी ना कुणी सांगतंच, "ब्लू नोट ऐक," म्हणजे त्या नावाच्या अमेरिकी रेकॉर्ड कंपनीचे जॅझ अल्बम ऐक. हे सांगणारा पुढे निघून जातो आणि आपण शेकडो अल्बमच्या यादीसमोर उभे राहतो. निळ्या-काळ्या कव्हरवर सिगारेट ओढणारे वादक, अनोळखी नावं, एकाच अल्बमच्या पाच-पाच आवृत्त्या, त्यांतली एक हजारात तर दुसरी लाखात. मग माणूस 'सर्वोत्तम शंभर'ची एखादी यादी शोधतो, तिसऱ्या-चौथ्या अल्बमपाशी थकतो आणि जॅझ आपल्यासाठी नाही असं ठरवून मोकळा होतो.

माझं म्हणणं सोपं आहे. यादी बाजूला ठेवा आणि कव्हरची मागची बाजू वाचा. तिथे कोण काय वाजवतंय ते छापलेलं असतं. ब्लू नोटच्या उमेदीच्या काळात तीच तीस-चाळीस माणसं एकमेकांच्या अल्बमवर आलटून पालटून वाजवत होती. आज जो मुख्य वादक, तो उद्या दुसऱ्याच्या साथीला. एका नावाचं बोट धरलं की पुढचा अल्बम आपोआप सापडतो.

आधी जवळ काय हवं

ऐकण्यासाठी कुठलंही स्ट्रीमिंग ॲप आणि बरे हेडफोन पुरेत. फोनच्या स्पीकरवर डबल बास ऐकूच येत नाही आणि या संगीताचा अर्धा प्राण तिथे आहे. स्ट्रीमिंगवर वादकांची नावं बहुधा नीट देत नाहीत, म्हणून डिस्कॉग्ज या संकेतस्थळावर अल्बमचं पान उघडून शेजारी ठेवा. एक वही ठेवलीत तर उत्तम. तबकड्या विकत घेण्याचा विचार असेल तर लागणाऱ्या वस्तू पाचव्या पायरीत आहेत. आत्ताच टर्नटेबल घ्यायला धावू नका.

एक गोंधळ इथेच मिटवू. न्यूयॉर्कमध्ये ब्लू नोट नावाचा प्रसिद्ध जॅझ क्लब आहे. तो १९८१ साली सुरू झाला आणि त्याचा या रेकॉर्ड कंपनीशी संबंध नाही.

१. चार माणसं ओळखून घ्या

इतिहास सगळा पाठ करायची गरज नाही, पण ही चार माणसं ठाऊक असली की कान लवकर तयार होतात.

पहिला आल्फ्रेड लायन. बर्लिनचा ज्यू मुलगा, किशोरवयात तिथे आलेल्या अमेरिकी वाद्यवृंदाने वेडा केलेला. डिसेंबर १९३८ मध्ये न्यूयॉर्कच्या कार्नेगी हॉलमधल्या एका मैफलीत त्याने अल्बर्ट अमन्स आणि मीड लक्स लुईस हे बूगी-वूगी पियानोवादक ऐकले आणि दोनच आठवड्यांनी, ६ जानेवारी १९३९ रोजी, त्यांना स्टुडिओत बसवलं. ही ब्लू नोटची सुरुवात. पैसा मॅक्स मार्गुलिस या लेखक मित्राचा. त्याच वर्षी सिडनी बेशेच्या सोप्रानो सॅक्सोफोनवरच्या 'समरटाइम'ने कंपनीला पहिलं यश दिलं. वादक रात्री क्लबमध्ये कामावर असत, म्हणून लायन ध्वनिमुद्रण पहाटे साडेचारलासुद्धा ठेवी.

दुसरा फ्रान्सिस वुल्फ. लायनचा बर्लिनमधला मित्र, व्यवसायाने छायाचित्रकार. नाझी जर्मनीतून निसटून तो १९३९ मध्ये न्यूयॉर्कला पोहोचला. हिशेब, पत्रव्यवहार तो बघे आणि प्रत्येक ध्वनिमुद्रणात कोपऱ्यात उभा राहून फोटो काढी. तुम्ही पाहता ते धुरातले, घामाने चमकणारे चेहरे त्याचेच.

तिसरा रूडी व्हॅन गेल्डर. दिवसा लोकांचे डोळे तपासून चष्म्याचे नंबर देणारा, आणि फावल्या वेळात न्यू जर्सीतल्या हॅकेनसॅक इथे आईवडिलांच्या दिवाणखान्यात संगीत मुद्रित करणारा. १९५३ पासून ब्लू नोटचं बहुतेक काम त्याच्याकडे आलं. १९५९ मध्ये त्याने जवळच एंगलवूड क्लिफ्सला उंच लाकडी छताचा स्वतःचा स्टुडिओ बांधला आणि चष्म्याचा धंदा सोडला. मायक्रोफोन वाद्याच्या अगदी जवळ ठेवायची त्याची पद्धत; त्यामुळे सॅक्सोफोन खोलीत, आपल्या पुढ्यात असल्यासारखा वाटतो. पियानो मात्र त्याच्या हातून जरा डब्यातून आल्यासारखा येतो, ही तक्रार जुनी आहे आणि मला ती पटते.

चौथा रीड माइल्स, १९५० च्या दशकाच्या मध्यापासून पुढची दहाएक वर्षं कव्हरं करणारा. वुल्फचे फोटो तो निर्दयपणे कापी, अक्षरं मोठी करून फोटोवर चढवी, आणि चार रंगांची छपाई महाग म्हणून एखाद्याच रंगात काम भागवी. गंमत अशी की त्याला जॅझची फारशी आवड नव्हती. आलेल्या प्रती तो वाटून टाकायचा. काही कव्हरांसाठी त्याने अँडी वॉरहॉल नावाच्या, तेव्हा फारशा कुणाला ठाऊक नसलेल्या चित्रकाराकडून रेखाटनं करून घेतली होती. आज पुस्तकांची मुखपृष्ठं, कॅफेची पोस्टरं, टी-शर्ट, कुठेही ती मांडणी भेटते, आणि ती वापरणाऱ्यांपैकी अनेकांनी एकही तबकडी ऐकलेली नसते.

आणखी एक गोष्ट, माझ्या मते सगळ्यात महत्त्वाची. लायन वादकांना तालमीचे पैसे देत असे. व्हॅन गेल्डरच्या त्याच खोलीत प्रेस्टिज ही दुसरी कंपनीही मुद्रण करी, अनेकदा त्याच वादकांना घेऊन. पण तिथे बहुधा तालीम नसे, आले आणि वाजवून गेले. दोन्ही कंपन्यांचे अल्बम लागोपाठ ऐका. प्रेस्टिजकडे अनौपचारिक गप्पांची मजा आहे. ब्लू नोटकडे नव्या रचना आहेत, दोन-तीन वाद्यांचे बांधीव मुखडे आहेत, कारण ते बसवायला वेळ मिळाला होता.

२. एकच तबकडी घ्या आणि मोजायला शिका

सुरुवातीसाठी जॉन कोल्ट्रेनची 'ब्लू ट्रेन', मुद्रण १५ सप्टेंबर १९५७. मुख्य वादक म्हणून कोल्ट्रेनने ब्लू नोटसाठी केलेला हा एकमेव अल्बम. पहिलीच रचना लावा.

ख्याल किंवा नाट्यसंगीत ऐकत वाढलेल्याला इथे एक मोठा फायदा आहे: आवर्तन म्हणजे काय ते त्याला समजावून सांगावं लागत नाही. ही रचना बारा मापांचा ब्लूज आहे, प्रत्येक मापात चार मात्रा. म्हणजे अठ्ठेचाळीस मात्रांचं एक आवर्तन, आणि दर आवर्तनात स्वरसंगतींचा तोच क्रम. आधी तिन्ही फुंकवाद्यं मिळून मुखडा वाजवतात. मग त्याच चक्रावर एकेक जण आपली बढत करतो: कोल्ट्रेनचा टेनर सॅक्सोफोन, ली मॉर्गनचा ट्रम्पेट, कर्टिस फुलरचा ट्रॉम्बोन, केनी ड्रूचा पियानो, पॉल चेंबर्सचा बास. शेवटी मुखडा परत. त्या काळातल्या बहुतेक अल्बमचा सांगाडा हाच.

सापळा असा की आपण सवयीने पहिल्या मात्रेवर जोर शोधतो आणि तो मिळत नाही. ड्रमवादकाच्या पायाखालची झांज दुसऱ्या आणि चौथ्या मात्रेवर मिटते. टाळी तिथे द्या. सुरुवातीला हात चुकतो, मग एकदा बसला की बसला. मधे ड्रम्स दुपटीत गेल्यासारखे वाटतील. घाबरू नका, चक्र बदललेलं नसतं.

रचना संपल्यावर पुन्हा लावा आणि या वेळी फक्त बास ऐका. त्यानंतर फक्त ड्रम्स. हे कंटाळवाणं वाटतं, पण इथे घालवलेला वेळ पुढच्या वीस अल्बमना पुरतो.

३. मागची नावं धरून पुढे चला

आता वही काढा. 'ब्लू ट्रेन'वरचा ट्रम्पेटवादक ली मॉर्गन तेव्हा एकोणीस वर्षांचा होता. त्याच्या मागे गेलात की ड्रमवादक आर्ट ब्लेकीच्या जॅझ मेसेंजर्स या गटाचा १९५८ चा 'मोनिन' लागतो. त्याचा मुखडा पियानोवादक बॉबी टिमन्सचा. कृष्णवर्णीयांच्या चर्चमध्ये उपदेशक एक ओळ म्हणतो आणि जमाव उत्तर देतो, तशी सवाल-जवाबाची रचना. नवख्या पाहुण्याला एकच रचना ऐकवायची झाली तर मी हीच लावतो.

मॉर्गनला धरूनच आणखी पुढे गेलात की 'द साइडवाइंडर', मुद्रण डिसेंबर १९६३. हा अनपेक्षितपणे धो-धो खपला, आणि लहान कंपनीला अशी लॉटरी महागात पडते. वितरकांना पुढचा असाच माल हवा झाला. त्यानंतरच्या बऱ्याच अल्बमची पहिली रचना तशाच ठेक्याची का असते, याचं उत्तर इथे आहे. ती रचना झाली की मगच वादक आपल्या मनासारखं वाजवतात, त्यामुळे अशा अल्बमची दुसरी बाजू आधी ऐकायला हरकत नाही.

'साइडवाइंडर'वरचा टेनर सॅक्सोफोन जो हेंडरसनचा. तो तुम्हाला हॉरेस सिल्व्हरच्या 'साँग फॉर माय फादर'कडे नेतो. कव्हरवर टोपी घालून बसलेले गृहस्थ सिल्व्हरचे खरेच वडील आहेत. ते केप व्हर्दचे, म्हणजे गोव्यासारख्याच एका पोर्तुगीज वसाहतीतून आलेले, आणि मुखड्याखालच्या ठेक्यात ब्राझीलची झुळूक आहे.

दुसरा धागा 'ब्लू ट्रेन'च्या बास-ड्रम्सचा. पॉल चेंबर्स आणि फिली जो जोन्स हीच जोडी सॉनी क्लार्कच्या 'कूल स्ट्रटिन'वर आहे, जानेवारी १९५८. क्लार्क १९६३ मध्ये एकतिसाव्या वर्षी गेला, अमेरिकेत जवळपास अनोळखीच. जपानमध्ये मात्र हा अल्बम घराघरांत पोहोचला. चेंबर्सच्याच मागे जाऊन हँक मोब्लीचा 'सोल स्टेशन' (१९६०) घ्या. त्यात कुठेही आरडाओरड नाही, आणि मी ब्लू नोटमधला सर्वांत जास्त वेळा लावलेला अल्बम बहुधा हाच असेल.

तिसरा धागा ट्रम्पेटवादक फ्रेडी हबर्डचा: हर्बी हॅनकॉकचा 'मेडन व्हॉयेज' (१९६५), वेन शॉर्टरचा 'स्पीक नो ईव्हिल' (मुद्रण डिसेंबर १९६४) आणि एरिक डॉल्फीचा 'आउट टू लंच' (१९६४). या क्रमाने ऐकलेत तर डॉल्फीपर्यंत पोहोचताना कान सरावलेले असतील. उलट क्रमाने गेलात तर पळून जाल. 'आउट टू लंच'वर ड्रम्स वाजवणारा टोनी विल्यम्स तेव्हा अठरा वर्षांचा होता. डॉल्फी त्या जूनमध्ये बर्लिनमध्ये वारला. अल्बम बाहेर आलेला त्याने पाहिला नाही.

जाता जाता सॉनी रॉलिन्सचा १९५७ चा व्हिलेज व्हॅनगार्ड क्लबमधला अल्बमही ऐका: पियानोच नाही, नुसता सॅक्सोफोन, बास आणि ड्रम्स. हाच रॉलिन्स साठच्या दशकाच्या अखेरीस मुंबईत पवईच्या आश्रमात योग आणि वेदान्त शिकायला येऊन राहिला होता.

एक इशारा. कंपनीने अल्बमला दिलेल्या क्रमांकावरून काळ ठरवू नका. लायन मुद्रण करून ठेवी आणि पसंत नसेल तर कपाटात टाकी. टीना ब्रुक्स या सॅक्सोफोनवादकाचं उदाहरण बघा. त्याच्या नावावर त्याच्या हयातीत एकच अल्बम निघाला, १९६० चा 'ट्रू ब्लू'. दुसऱ्याला क्रमांक मिळाला, कव्हर ठरलं, पण तबकडी निघालीच नाही. ब्रुक्स १९७४ मध्ये गेला. पुढे मायकेल कस्कुना या निर्मात्याने तळघरातल्या फिती चाळून अशा कितीतरी मैफली बाहेर काढल्या.

४. नंतरचं काय घ्यावं, काय सोडावं

१९६५ च्या सुमारास कंपनी लिबर्टी रेकॉर्ड्सला विकली गेली. लायन १९६७ मध्ये निवृत्त झाला, वुल्फ १९७१ मध्ये वारला. सत्तरच्या दशकात डोनल्ड बर्डच्या 'ब्लॅक बर्ड' (१९७३) सारखे नाचरे अल्बम खूप खपले आणि जाणकारांनी नाकं मुरडली. त्याच नाकं मुरडलेल्या तबकड्यांतून पुढे हिप-हॉपवाल्यांनी तुकडे उचलले. ट्राइब कॉल्ड क्वेस्टने रॉनी फॉस्टरच्या ऑर्गनचा तुकडा घेतला. १९९३ मध्ये अस-थ्री या ब्रिटिश गटाने हॅनकॉकच्या 'कँटलूप आयलंड'वर गाणं रचलं आणि त्यांचा अल्बम ब्लू नोटचा अमेरिकेतला पहिला प्लॅटिनम अल्बम ठरला. तुम्ही हिप-हॉप ऐकत असाल तर खरं म्हणजे ब्लू नोट तुमच्या कानावर आधीच पडलेलं आहे. तिथूनच मागे या, चालेल.

मधली काही वर्षं कंपनी झोपलेली होती. १९८५ च्या सुमारास ब्रूस लुंडव्हॉलने ती पुन्हा उभी केली. २००२ मध्ये नोरा जोन्सचा पहिला अल्बम आला, ज्याच्या वाट्याला आठ ग्रॅमी आले. ती पंडित रविशंकरांची कन्या, हे आपल्याकडे सगळ्यांना माहीत असतं. हा अल्बम ब्लू नोटचा होता, हे फार थोड्यांना. तो जॅझ आहे का, यावर वाद घालणाऱ्यांना घालू द्या. आपल्याला जास्त जवळचा वाटेल तो चार्ल्स लॉइडचा २०२२ चा 'सेक्रेड थ्रेड': सॅक्सोफोन, जुलियन लाजची गिटार आणि उस्ताद झाकीर हुसेन. झाकीरभाई त्यात तबल्याबरोबर गातातसुद्धा.

५. तबकडी विकत घेताना

आता खिशाचा भाग. लागणाऱ्या वस्तू: ज्याच्या सुईचा दाब नियंत्रित करता येतो अशा टोनआर्मचं (सुई धरणाऱ्या दांड्याचं) टर्नटेबल, फोनो प्रीअँप (सुईकडून येणारा क्षीण आवाज वाढवणारी पेटी), कार्बन फायबरचा ब्रश, छोटी टॉर्च आणि भिंग. सूटकेसमध्ये बसणारे गोंडस प्लेअर टाळा. त्यांची सुई जड असते, महागडी तबकडी झिजते.

पहिली खरेदी नव्या आवृत्तीची करा. कंपनीच्या स्वतःच्या दोन मालिका सध्या भरवशाच्या आहेत: 'क्लासिक व्हिनाइल' आणि त्याहून महाग 'टोन पोएट', जिचं कव्हर जाड पुठ्ठ्याचं असून आत वुल्फचे मोठे फोटो असतात. दोन्हींचं मास्टरिंग, म्हणजे तबकडीसाठी आवाजाची शेवटची बैठक, केविन ग्रे करतो, शक्य तिथे मूळ फितींवरून. आवाजात फरक आहे, पण पहिल्या दहा तबकड्यांसाठी तो फरक मोजण्याइतका नाही. स्वस्तातली मालिका घ्या आणि उरलेल्या पैशांत चांगलं कार्ट्रिज, म्हणजे सुई बसवलेला भाग.

सापळा पहिला: युरोपात १९६२ पर्यंत बाहेर आलेली मुद्रणं प्रताधिकारातून सुटलेली आहेत. त्यामुळे भलत्याच कंपन्या तेच अल्बम, तशाच कव्हरात, स्वस्तात काढतात. बेकायदा नाही, पण आवाज कुठून उचलला ते कुणी सांगत नाही, अनेकदा सीडीवरूनच. कव्हरच्या मागे ब्लू नोटचं नाव आणि युनिव्हर्सल या तिच्या आताच्या मालक कंपनीचा उल्लेख आहे का, बघा.

सापळा दुसरा: 'ओरिजिनल' म्हणून विकली जाणारी जुनी प्रत. लेबलवर पत्ता असतो. 'लेक्झिंग्टन ॲव्हेन्यू' सगळ्यात जुना, १९५७ पासून 'वेस्ट ६३' वाला, नंतर नुसतं 'न्यूयॉर्क यूएसए'. पण लिबर्टीने कंपनी घेतल्यावर उरलेली जुनी लेबलं वापरून टाकली, म्हणून पत्त्यावर भिस्त ठेवू नका. शेवटची खोबण आणि लेबल यांच्यामध्ये जी कोरी चकचकीत पट्टी असते, तिथे टॉर्च तिरकी धरा. व्हॅन गेल्डरची आद्याक्षरं किंवा नाव दिसायला हवं. आणि हवा हाताने कोरलेला, कानासारखा दिसणारा एक छोटा आकार: ती प्लास्टिलाइट या कारखान्याची खूण. लिबर्टीकडे गेल्यानंतरच्या तबकड्या त्या कारखान्यात बनल्या नाहीत. विक्रीपूर्वीच्या अल्बमवर कान नाही, तर पहिल्या आवृत्तीची किंमत देऊ नका. विक्रेता त्या पट्टीचा फोटो द्यायला टाळाटाळ करत असेल तर व्यवहार तिथेच थांबवा.

मुंबईत चोर बाजारात एखादी मिळेल या आशेवर राहू नका. तिथे एचएमव्हीचा आणि हिंदी सिनेमाचा माल भरपूर, ब्लू नोट क्वचितच. काळा घोड्याचं ऱ्हिदम हाऊस हे संगीताचं दुकानही २०१६ मध्ये बंद झालं.

६. परदेशातून मागवताना

कुरिअर कंपनी केवायसी मागते: आधार किंवा पॅन, आणि खरेदीचं बिल. कागद आधी पाठवून ठेवलेत तर पार्सल अडकत नाही. कर फक्त तबकडीच्या किमतीवर लागत नाही, टपालखर्च धरून लागतो. म्हणून एकेक मागवण्यापेक्षा तीन-चार एकत्र मागवा. पार्सलवर 'गिफ्ट' लिहून कमी किंमत दाखवायची युक्ती कुणी सुचवली तर नको म्हणा. पकडलं गेलं तर दंड तुमचाच, आणि रस्त्यात तबकडी फुटली तर भरपाईही त्याच खोट्या किमतीएवढी.

एप्रिल-मे टाळा, गोदामातल्या उष्णतेने तबकडी वाकते. विक्रेत्याला तबकडी कव्हरच्या बाहेर काढून पाठवायला सांगा, नाहीतर प्रवासात ती कव्हरची शिवण फाडते.

घरी आल्यावर बाहेरचं ताणलेलं प्लॅस्टिक काढून टाका. कोकणात, मुंबईत, गोव्यात पावसाळ्यात त्याच्या आत ओल धरते आणि कव्हरला बुरशी येते. पीव्हीसीची जाड पारदर्शक पिशवीही नको, दमट हवेत ती तबकडीवर ढगाळ डाग पाडते. साधी पॉलिप्रॉपिलीनची घ्या. तबकड्या उभ्या ठेवा, बाहेरच्या भिंतीपासून दूर, आणि जून ते सप्टेंबर कपाटात सिलिका जेलच्या पुड्या टाकून त्या महिन्याला एकदा बदला.